हरवलेली साक्ष : मद्यपान आणि स्मृतिभ्रंश यांविषयी प्रस्तावना

वऱ्हाडच्या पश्चिम सीमेवर, अजिंठ्याच्या डोंगररांगेने घाटावरचा आणि घाटाखालचा असे ज्याचे दोन स्वभाव करून टाकले आहेत त्या बुलढाणा जिल्ह्यात, दारूचे दुष्परिणाम कोणी कोणाला समजावून सांगावेत अशी परिस्थिती राहिलेली नाही. चिखली-मेहकरकडच्या सोयाबीन पिकवणाऱ्या शेतकऱ्यापासून संग्रामपूर-जळगाव जामोदच्या बाजूला सातपुड्याच्या पायथ्याशी मोह वेचणाऱ्या आदिवासी कुटुंबापर्यंत सर्वांना ते पाठ आहेत. कावीळ, जलोदर, सावकाराचा तगादा, विकलेली बैलजोडी, घरातील मारझोड आणि अवेळी आलेले वैधव्य ही यादी कोणतीही बाई चुलीपुढे बसल्या बसल्या म्हणून दाखवील. त्या यादीत एका नोंदीची उणीव आहे, आणि ती नोंद वाचकापुढे ठेवणे एवढाच प्रस्तुत पुस्तिकेचा हेतू आहे. वर्षानुवर्षे नित्यनेमाने आणि भरपूर पिणाऱ्या माणसाचे यकृत जसे निकामी होत जाते तशीच त्याची स्मरणशक्ती, त्याचे तारतम्य आणि त्याची कालगणनाही निकामी होत जाते. परंतु यकृताचा विकार पोट फुगवून आणि डोळे पिवळे करून स्वतःची वर्दी स्वतःच देतो, आणि स्मृतीच्या विकाराची वर्दी देणार कोण, कारण ज्याने ती द्यायची त्यालाच आपले काही गेले आहे हे ठाऊक नसते.

अशा माणसाविषयी गावात जो निवाडा होतो तो बहुधा एकच असतो, की तो खोटारडा आहे. सकाळी बायकोकडून घेतलेले पैसे आपण घेतलेच नाहीत असे तो दुपारी शपथेवर सांगतो. आठवडाभर ओटा सोडलेला नसताना कालच मलकापूरच्या बाजाराला जाऊन आलो म्हणतो, आणि तिथे कोण भेटले, कापसाला काय भाव होता, येताना एस.टी. कोठे बंद पडली, हेही तपशीलवार सांगतो. ऐकणारा प्रथम हसतो, मग चिडतो, आणि शेवटी दारूने हा पुरता बह्याड झाला असे म्हणून उठून जातो. वस्तुस्थिती अशी असते की ह्या गृहस्थाच्या ठायी फसवणुकीचा लवलेशही नाही. अलीकडच्या दिवसांची नोंद त्याच्या मेंदूत उमटलेलीच नसते, आणि ती रिकामी जागा मेंदू जुन्या आठवणींच्या तुकड्यांनी आपण होऊन भरून काढतो. जी मलकापूरची फेरी तो सांगतो ती कधीकाळी, कदाचित दहा वर्षांपूर्वी, खरोखरच घडलेली असते. जिने पंचवीस वर्षे ह्या माणसाच्या खऱ्याखुऱ्या थापा सोसल्या आहेत त्या त्याच्या बायकोला ही थाप तशी नव्हे हे कळावे कसे? मला तर ह्या रोगाची सर्वांत क्रूर बाजू हीच वाटते, की तो ज्या पडद्याआड येतो तो पडदा रोग्याने स्वतःच्या हाताने, शुद्धीत असताना विणून ठेवलेला असतो.

दारूविरुद्ध महाराष्ट्रात झालेल्या प्रबोधनात स्मृतीच्या ह्या हानीचा विचार सहसा आढळत नाही, आणि तो नसावा हे स्वाभाविकही आहे. वऱ्हाडापुरते बोलायचे तर डेबूजी झिंगराजी जानोरकर, म्हणजेच गाडगेबाबा, ह्यांच्याहून अधिक अधिकाराने ह्या विषयावर बोलणारा दुसरा झाला नाही. त्यांचे वडील दारूपायीच अकाली वारले होते. पुढे स्वतःच्या मुलीच्या बारशाला दारू-मटणाच्या रूढ पंगतीला फाटा देऊन त्यांनी गोडाचे जेवण घातले, आणि १९५६ मध्ये देह ठेवीपर्यंत खेडोपाडी कीर्तनांतून श्रोत्यांना प्रश्नांमागून प्रश्न घालीत कर्ज, पशुहत्या आणि दारू ह्यांचा हिशेब त्यांच्याच तोंडून वदवून घेतला. परंतु तो हिशेब पैशाचा आणि अब्रूचा होता. पांढरपेशा समाजापुढे तोच विषय गडकऱ्यांनी ‘एकच प्याला’मध्ये मांडला, आणि ते नाटक त्यांच्या मृत्यूच्याच वर्षी, १९१९ मध्ये, रंगभूमीवर आले. त्यातला सुधाकर व्यवसायाने वकील आहे, आणि अधःपाताच्या शेवटच्या पायरीवरही आपण कोठे होतो व कोठे आलो ह्याचे निवेदन तो अस्खलितपणे करतो. नाटकाला पश्चात्ताप हवा असतो, आणि पश्चात्ताप करायला स्मरण शाबूत असावे लागते. प्रत्यक्ष आयुष्यात अनेक सुधाकरांची अखेर याच्या उलट होते. सिंधूला, म्हणजे आपल्या बायकोला, आपण काय भोगायला लावले हे त्यांना आठवतच नाही, आणि जे आठवत नाही त्याबद्दल क्षमा तरी कशी मागायची, ह्या पेचाला आपल्या वाङ्मयाने क्वचितच हात घातला आहे.

वैद्यकशास्त्राने मात्र ह्या विकाराला त्या नाटकाच्या आधीच हात घातला होता. १८८१ मध्ये कार्ल वेर्निके ह्या जर्मन वैद्याने तीन रोग्यांची हकीकत प्रसिद्ध केली. दोघे मद्यपी पुरुष होते. तिसरी एक तरुण स्त्री, जिने गंधकाम्ल प्राशन केले होते आणि त्यामुळे जठराला इजा होऊन जिच्या पोटात अन्न टिकेनासे झाले होते. तिघांचीही लक्षणे सारखी होती. डोळ्यांची बुबुळे नीट फिरत ना, चालताना तोल जाई, आणि बुद्धी गोंधळलेली असे. तिघेही दगावले. त्यानंतर सहा वर्षांनी, म्हणजे १८८७ पासून, मॉस्कोच्या सर्गेई कोर्साकोव्ह ह्यांनी दुसऱ्या प्रकारच्या रोग्यांचे वर्णन करण्यास आरंभ केला. हे रोगी संभाषण चांगले करीत, पत्त्यांचा डाव नीट खेळत, परंतु नुकताच खोलीतून बाहेर गेलेला माणूस परत आला तर त्याला आज प्रथमच भेटत असल्यासारखे वागत, आणि न घडलेल्या प्रवासांची वर्णने करीत. दोन्ही विकार एकाच आजाराची दोन रूपे आहेत, एक तातडीचे आणि दुसरे त्यामागून राहणारे, हे कळायला पुढे बराच काळ जावा लागला. त्या गंधकाम्ल प्यालेल्या स्त्रीच्या हकीकतीत खरे तर उत्तर दडलेले होते, कारण तिच्या आजाराचे मूळ दारूत नसताना तिला तोच रोग व्हावा ह्याचा अर्थ दारू आणि उपासमार ह्या दोहोंत काहीतरी समान होते.

ते समान द्रव्य म्हणजे थायमिन, ज्याला आपण ब-१ जीवनसत्त्व म्हणतो. सडीक पांढऱ्या तांदळावर जगणाऱ्या लोकांना होणाऱ्या बेरीबेरी रोगाचा माग काढता काढता एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस ख्रिस्तियान आइकमन हे जावा बेटात त्याच्या उंबरठ्यापर्यंत पोहोचले. १९३६ मध्ये ते प्रयोगशाळेत कृत्रिम रीतीने तयार करून दाखवणारे रॉबर्ट विल्यम्स हे मिशनऱ्याचे पुत्र, आणि त्यांचा जन्म आपल्याच देशात, आंध्रातील नेल्लोरला झालेला. शरीराला रोज जेमतेम सव्वा मिलिग्रॅम थायमिन पुरते, परंतु त्याची शिल्लक एकंदर तीस मिलिग्रॅमच्या आतबाहेरच असते, आणि अन्नातून ते येईनासे झाले म्हणजे दोन-तीन आठवड्यांत ती तिजोरी रिकामी होते. आता बुलढाण्याचे पारंपरिक अन्न पाहिले तर ज्वारीची भाकरी, तुरीचे वरण, शेंगदाण्याची चटणी आणि हरभरा हे सर्व ब-१ ने समृद्ध असल्यामुळे बेरीबेरी हा ह्या मुलुखाचा रोग कधीच नव्हता. तो इथे येतो तो बहुधा दारूच्या बाटलीतून. पिणाऱ्याचे प्रथम रात्रीचे जेवण सुटते, मग सकाळचे. जे थोडे पोटात जाते त्यातले थायमिन आतड्यातून रक्तात शिरू देण्यास दारू हरकत घेते, यकृतात ते साठू देत नाही, आणि पेशींना ते वापरूही देत नाही. गुत्त्यावर चकण्याला मिळणारे फुटाणे आणि शेंगदाणे हे वास्तविक ह्या रोगावरचे पथ्यच आहे, पण ते ज्या घोटाबरोबर खाल्ले जातात तोच घोट त्यांचा गुण बाद करून टाकतो. थायमिनवाचून मेंदूच्या तळाशी असलेले काही छोटे, पण स्मृतीच्या वाटेवरचे मोक्याचे भाग नष्ट होतात, आणि ती वाट तुटली म्हणजे जुने सगळे जागच्या जागी राहूनही नव्याची भर पडत नाही.

हे एकच कारण असते तर विषय सोपा झाला असता. मद्याचे मेंदूवरील प्रत्यक्ष विषारी कार्य आहेच. त्याखेरीज नशेत मोटारसायकलवरून किंवा ओट्यावरून पडून डोक्यात साकळणारे रक्त, दारू तुटल्यावर येणाऱ्या फिट्या, वाढलेला रक्तदाब आणि त्यामागोमाग येणारे लहान-मोठे झटके, निकामी यकृतामुळे मेंदूवर येणारी धुंदी, हे सर्व आपापला वाटा उचलतात. ज्वारीवर जगणाऱ्या दख्खनी मुलुखात पेलाग्रा का आढळतो ह्याचा शोध घेताना हैदराबादच्या डॉ. सी. गोपालन ह्यांनी १९६० च्या सुमारास ज्वारीतील ल्युसीन ह्या घटकाकडे लक्ष वेधले होते. कातडी, आतडी आणि बुद्धी ह्या तिघांवर एकदम घाला घालणारा तो विकार मद्यप्यांनाही जडतो, हे आपल्या भागातील वैद्यांनी ध्यानात ठेवण्यासारखे आहे.

प्रमाण किती, हा प्रश्न वाचक विचारणारच. फ्रान्समधील रुग्णालयांच्या दप्तरांतून २००८ ते २०१३ ह्या काळातील दहा लाखांहून अधिक स्मृतिभ्रंशाच्या रोग्यांच्या नोंदी तपासून २०१८ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात असे आढळले, की पासष्ट वर्षांच्या आत ज्यांना हा विकार जडला अशा सुमारे ५७ हजार रोग्यांपैकी ५७ टक्के रोग्यांच्या बाबतीत दीर्घकालीन अतिमद्यपानाची नोंद होती. निम्म्याहून अधिक! ह्यात धूम्रपान, रक्तदाब अशा सहचारी कारणांची सरमिसळ असणार हे मान्य करूनही तो आकडा हादरवणारा आहे. आपल्याकडे साठीपुढील लोकांचे मोठे राष्ट्रीय सर्वेक्षण होऊन २०२३ मध्ये त्याचा निष्कर्ष आला, की भारतात त्या वयाच्या ७.४ टक्के, म्हणजे सुमारे ८८ लाख लोकांना स्मृतिभ्रंश आहे. पण साठीपासून मोजायला लागले म्हणजे पंचेचाळीस-पन्नासाव्या वर्षी दारूने ज्यांची स्मृती नेली ते मोजदादीच्या बाहेरच राहतात, आणि त्यांतले कित्येक साठीपर्यंत पोहोचतही नाहीत. पिण्याच्या मर्यादेचा हिशेब तर आपल्याकडच्या परिमाणात कोणी मांडलेलाच दिसत नाही, म्हणून इथे मांडतो. ‘लान्सेट’ ह्या वैद्यकीय नियतकालिकाच्या आयोगाने २०२० मध्ये आठवड्याला एकवीस ब्रिटिश एककांपुढील मद्यपान हे स्मृतिभ्रंशाच्या टाळता येण्याजोग्या कारणांत घातले. एक एकक म्हणजे दहा मिलिलीटर शुद्ध मद्यार्क. परवान्याच्या दुकानातील कडक दारूच्या बाटलीवर ४२.८ टक्के असा आकडा सामान्यतः छापलेला असतो, तेव्हा १८० मिलिलीटरच्या एका क्वार्टरमध्ये सुमारे ७७ मिलिलीटर मद्यार्क झाला. आठवड्याला तीन क्वार्टर घेणारा ती रेघ ओलांडून गेला, आणि ‘मी काय, रोज एकच पव्वा घेतो’ असे अभिमानाने सांगणारा तिच्या अडीचपट पुढे आहे. हातभट्टीच्या पहिल्या धारेचे गणित मांडायला तर बाटलीवर आकडाच नसतो. अल्प मद्यपान अपायकारक की निरुपद्रवी, ह्या शास्त्रज्ञांच्या वादात मात्र मी शिरत नाही. ज्यांच्यासाठी ही पाने लिहिली आहेत त्यांचा आणि त्या वादाचा संबंध पोहोचत नाही.

ह्या जिल्ह्यात थोड्याच काळापूर्वी घडलेली एक गोष्ट इथे आठवते. २०२४ च्या डिसेंबरअखेर आणि २०२५ च्या जानेवारीत शेगाव तालुक्यातील बोंडगाव, कालवड अशा गावांत स्त्री-पुरुषांचे केस पुंजक्यापुंजक्याने गळू लागले, तेव्हा वर्तमानपत्रे धावली, भारतीय वैद्यकीय संशोधन परिषदेची पथके आली, प्रथम खारपाणपट्ट्यातील पाण्यावर संशय घेतला गेला, आणि पुढे डॉ. हिम्मतराव बावस्कर ह्यांनी गव्हातून पोटात गेलेल्या सेलेनियमकडे बोट दाखवले. हे सर्व यथायोग्यच झाले. परंतु अन्नातील एका सूक्ष्म द्रव्याच्या आधिक्याने केस गेले तर यंत्रणा जागी होते आणि दुसऱ्या सूक्ष्म द्रव्याच्या अभावाने माणसाची स्मृती गेली तर ती कोणाच्याही अखत्यारीत येत नाही, ह्याचे कारण एवढेच की केस गेलेल्याला कोणी दोष देत नाही.

ह्या पुस्तिकेचा विषय दारूबंदी नव्हे. १९४९ चा मुंबई दारूबंदी कायदा आजही महाराष्ट्रात अंमलात आहे, आणि त्याच कायद्यान्वये दारूची दुकाने परवान्याने चालतात, ह्या विसंगतीवर पुष्कळ लिहिले गेले आहे. वर्ध्यात १९७५ पासून आणि गडचिरोलीत १९९३ पासून बंदी आहे. चंद्रपुरात ती २०१५ मध्ये आली आणि २०२१ मध्ये उठली. बुलढाण्यात ती नाही. गावातील पंचवीस टक्के महिला मतदारांनी मागणी केल्यास गुप्त मतदान घेऊन दुकान बंद करता येते, आणि ‘आडवी बाटली’ ह्या खुणेवर शिक्का मारण्याचा तो अधिकार ही माझ्या मते गेल्या काही दशकांतील सर्वांत शहाणी तरतूद आहे. तथापि दुकान बंद झाल्याच्या दुसऱ्या दिवशी गावातल्या जुन्या पिणाऱ्यांचे काय होते, हा प्रश्न त्या विजयाच्या मिरवणुकीत कोणी विचारीत नाही.

तो विचारायला हवा, कारण ह्या रोगाचा निर्णायक क्षण पुष्कळदा दारू सोडतानाच येतो. माणूस गळ्यात माळ घालतो, किंवा शेगावला गजानन महाराजांच्या समाधीपुढे शपथ घेऊन घरी येतो; घरचे आनंदतात; आणि दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी त्याचे हात लटलट कापू लागतात, घाम सुटतो, भिंतीवर नसलेले किडे दिसतात, कधी फीट येते. शपथ मोडल्याचा कोप झाला, असे कोणी म्हणतो, वास्तविक त्याने शपथ पाळलेली असते. बाहेरची बाधा, असे दुसरा म्हणतो, आणि जीप ठरते ती पिंपळगाव सराईजवळच्या सैलानीबाबांच्या दर्ग्याची, जिथे मनाच्या व्याधींनी ग्रासलेल्यांना आणण्याची चाल जुनी आहे आणि होळीच्या सुमारास जिथल्या यात्रेत नारळांची होळी पेटते. त्या श्रद्धेचा उपहास करण्याचे मला कारण दिसत नाही. जिथे दुसऱ्या कोणी दार उघडले नाही तिथे त्या दर्ग्याने सर्व जातिधर्मांच्या दुखणाइतांना ओसरी दिली आहे. गुजरातेत उनाव्याच्या मीरा दातार दर्ग्यात मुजावर आणि मनोविकारतज्ज्ञ ह्यांनी मिळून ‘दवा-दुआ’चा उपक्रम चालवून दाखवला आहे, आणि तसे काही सैलानीला होण्यास कोणत्याही श्रद्धेची आडकाठी नाही. आक्षेप फक्त वेळेचा आहे. बुबुळे थिजली, तोल गेला, समज गेली, ह्यांपैकी एक जरी लक्षण पिणाऱ्या माणसात दिसले तरी उरलेल्या दोहोंची वाट पाहू नये, कारण तिन्ही एकत्र फार थोड्या रोग्यांत आढळतात. आणि त्यानंतरचे तास मोलाचे असतात.

दुसरा धोका सलाईनचा. अशक्त दिसणाऱ्या दारुड्याला गावच्या दवाखान्यात ग्लुकोजची बाटली लावण्याची प्रथा इतकी रूढ आहे की घरचे लोकच ती मागून घेतात. थायमिनची तिजोरी रिकामी असलेल्या शरीरात नुसते ग्लुकोज सोडले तर उरलेसुरले थायमिन ते पचवण्यातच खर्ची पडते आणि मेंदूचा घात होऊ शकतो. म्हणून आधी, निदान बरोबरीने, थायमिनचे इंजेक्शन द्यावे हा नियम आहे. औषध स्वस्त आहे, आणि अशा अवस्थेत तोंडाने दिलेल्या गोळीवर भिस्त ठेवून चालत नाही. बुलढाण्याला जिल्हा रुग्णालय आहे, २०२४ मध्ये शासकीय वैद्यकीय महाविद्यालयही सुरू झाले, आणि ‘टेलिमानस’ ह्या मानसिक आरोग्याच्या दूरध्वनी सेवेच्या १४४१६ ह्या क्रमांकावर फोन करून मराठीत सल्ला मागता येतो. ह्या पुस्तिकेतले दुसरे काही वाचले नाही तरी चालेल, पण सलाईनविषयीचे प्रकरण आशा कार्यकर्त्यांनी आणि गावच्या डॉक्टरांनी वाचावे अशी माझी विनंती आहे.

असे रोगी बरे होतात का? १९७१ मध्ये अमेरिकेतील व्हिक्टर, ॲडम्स आणि कॉलिन्स ह्यांनी अशा रोग्यांचा दीर्घकाळ मागोवा घेऊन जे मांडले त्याचा मथितार्थ असा, की साधारण चौथा हिस्सा चांगले सुधारतात, चौथा हिस्सा मुळीच सुधारत नाहीत, आणि उरलेले निम्मे अर्ध्यावर थांबतात. अल्झायमरसारख्या विकारात उतार अखंड चालू राहतो. इथे दारू पूर्ण सुटली आणि आहार सुधारला तर तो उतार बहुधा थांबतो, आणि आकसलेला मेंदू काही अंशी पूर्ववत होतो, हे मेंदूच्या चित्रणांतूनही दिसून आले आहे. म्हणजे जिल्ह्यात अशी पुष्कळ माणसे असणार जी अर्ध्यावर थांबली आहेत. त्यांना पेरणीची तिथी समजते, पण कालचे बी कोठे ठेवले ते आठवत नाही. नातवाचे नाव चुकते, शाळेतल्या मास्तरांचे चुकत नाही.

त्यांच्याविषयी कायदा काय म्हणतो हे ह्या पुस्तिकेच्या अखेरच्या प्रकरणात आले आहे, आणि शेतीवाडीच्या ह्या जिल्ह्यात ते प्रकरण औषधांइतकेच निकडीचे आहे. १८७२ च्या करार कायद्याचे बारावे कलम सांगते, की करार करतेवेळी ज्याला त्याचा अर्थ आणि आपल्या हितावर होणारा परिणाम समजतो तोच करारास पात्र. आणि कलमाखालील उदाहरणातच, अटी समजू नयेत इतका प्यालेला माणूस त्या अवस्थेत करार करू शकत नाही, असे स्पष्ट म्हटले आहे. दीडशे वर्षांपूर्वीच्या कायदेपंडितांनी नशेचा विचार केला तो असा, तासांच्या हिशेबाने उतरणारी गोष्ट म्हणून. ज्याची नशा उतरून वर्ष लोटले आहे आणि तरी ज्याला सकाळी ऐकलेला इसाराचा आकडा दुपारी आठवत नाही, तोही त्या कलमाच्या मुख्य शब्दांनुसार अपात्र ठरू शकतो, परंतु ते सिद्ध करायला वैद्याचा दाखला लागतो, आणि तो दाखला व्यवहारापूर्वी घेऊन ठेवण्याचे कोणाच्या मनात येत नाही. दुय्यम निबंधकापुढे तो उभा राहतो तेव्हा त्याच्या तोंडाला वास नसतो, पाय लटपटत नाहीत, विचारलेले नाव-गाव तो बिनचूक सांगतो. पैसे मिळाले का, असे विचारल्यावर, मिळाले, असेही तो प्रामाणिकपणे सांगतो, आणि खरेदीखत नोंदले जाऊन सातबाऱ्याचा फेरफार तलाठ्याकडे रवाना होतो.